थोरलीचा आवाज

मराठीतल्या जुन्या गाजलेल्या सिनेमांच्या महोत्सवात धाकट्या बहिणीचा पहिला सिनेमा निवडला गेला, तेव्हा थोरलीने फोनवर तिचं तोंडभरून कौतुक केलं आणि फोन ठेवल्यावर कपाटाचं दार धाडकन लावलं.

त्या सिनेमात चेहरा धाकटीचा होता, आवाज थोरलीचा. धाकटी तेव्हा चिरकी बोलायची, म्हणून दिग्दर्शकाने डबिंगला थोरलीला उभं केलं. नाव कुठेच आलं नाही. "काय दिसते, काय बोलते!" असं लोक म्हणत राहिले आणि सगळं कौतुक धाकटीच्या पदरात पडलं. थोरलीच्या पोटात दुखतं ते तेव्हापासून.

आता जुन्या प्रतीतल्या एका रिळाचा आवाज खराब निघाला. रेकॉर्डिस्टने थोरलीला बोलावलं. "बघू, कोणावाचून कोणाचं अडतं ते," म्हणत बाई तोऱ्यात गेल्या. पण माईकसमोर तोंड उघडलं तर आवाज वयाने जाडावलेला, आणि पडद्यावरच्या विशीतल्या पोरीच्या तोंडून चक्क तिची सासू बोलू लागली. रेकॉर्डिस्ट खाली मान घालून बटणं पुसत बसला.

"मी बघू करून?" सोबत आलेल्या धाकटीने विचारलं. नकला करण्यात ती लहानपणापासून पटाईत. ती बोलली आणि थोरलीच्या अंगावर काटा आला. वाक्याच्या शेवटी किंचित खाली बसणारा तो आवाज तिचा होता, तिच्या विशीतला. चेहरा हिचा होताच, आता आवाजही हिचाच!

"ताई, तुम्हीच सांगा," रेकॉर्डिस्ट म्हणाला. "जुळत नसेल तर अख्खा सिनेमा मॅडमच्या स्वतःच्या आवाजात नव्याने करू."

"नाही जुळत," थोरली फटकन बोलून गेली. मग तिला कळलं, आपण आपल्याच पायावर धोंडा पाडून घेतलाय. आता आपला आवाज अख्ख्या सिनेमातून जाणार.

"नव्याने काही नको," धाकटी म्हणाली. "ताईचा आवाज राहायलाच हवा. जुळेपर्यंत करते मी. ताई, कुठे चुकलं गं?"

कुठेच चुकलं नव्हतं. तरी थोरलीने तिला तेच वाक्य पुन्हा पुन्हा म्हणायला लावलं. धाकटीचा घसा बसायला आला, पण तिने हूं की चूं केलं नाही. शेवटी थोरलीच ओशाळली.

"पहिल्याच वेळी जुळलं होतं," ती पुटपुटली.

"माहितीये," धाकटी म्हणाली आणि तिने पाण्याचा ग्लास आधी ताईपुढे केला.

थोरलीने तो घेतला. चेहरा हिचा, आवाजही हिचा, आता मोठेपणाही हिचाच. निदान चिडायचं तरी होतं हिने, असं तिला अगदी मनापासून वाटलं.