कॉलरवालीचा घसा

शर्टाच्या कारखान्यात आम्ही बेचाळीस बायका शिवायला बसायचो आणि त्यांत गाणारी मी एकटी. कॉलरी शिवते म्हणून मला सगळ्या कॉलरवाली म्हणायच्या. दिसायला मी यथातथाच, शिक्षण सही करण्यापुरतं. पण मी तोंड उघडलं की समोरची कफवाली मान वर न करता ‘जरा मोठ्यानं गं’ म्हणायची. मिरवण्यासारखं माझ्याकडे तेवढंच होतं आणि मी ते मिरवत होते, खोटं कशाला बोलू.

शेजारच्या मशीनवर अकरा वर्षं मोजपट्टी होती. उंच, काटकुळी, बोलण्याआधी समोरच्याला डोक्यापासून पायापर्यंत मोजून घेणारी, म्हणून हे नाव. डबा एकीचा असला तरी जेवायचो दोघी. मला कणकण असली की स्वतःचं उरकून माझ्या कॉलरीही तीच संपवायची.

ती सुपरवायझर झाली तेव्हा मालकांनी तिला दोन दिवस कसल्याशा प्रशिक्षणाला धाडलं. तिथे कुणा डॉक्टरांनी पडद्यावर मेंदूची चित्रं दाखवून सांगितलं होतं की गाणं कानात शिरलं की मेंदू ठेका धरतो आणि हातपाय त्याच ठेक्यावर चालायला लागतात, आपल्याला पत्ताही लागत नाही. हे मी तुला घरबसल्या सांगितलं असतं, असं मी तिला चिडवलं. पंधरवड्यात तिनं केबिनमध्ये एक टेपरेकॉर्डर आणला, जेवणाच्या सुट्टीत माझी आठ गाणी भरून घेतली आणि हॉलच्या चारही कोपऱ्यांत स्पीकर लावले. दिवसभर गाऊन तुझा घसा कशाला बसवायचा, म्हणाली. मला अगदी भरून आलं.

पहिले काही आठवडे मी माझ्याच आवाजाबरोबर गात होते आणि हॉल नुसता पळत होता. मग वरच्या ओळीला माझा घसा ओढला जायला लागला. आधी थोडाच, मग जास्त. टेपमधली मी सहज वर जायची आणि मशीनवरची मी अर्ध्यातच चिरकायची. नव्या पोरी तोंडाला कापड लावून हसायच्या. मी मिठाच्या पाण्याच्या गुळण्या सुरू केल्या, थंड पाणी सोडलं, घशाच्या डॉक्टरांकडे गेले. त्यांनी नळी घालून पाहिलं आणि काही झालेलं नाही म्हणून परत पाठवलं. डॉक्टरांना काय कळतंय, असं मला वाटलं.

मोजपट्टीला मात्र कळत होतं. सुट्टीत गुळण्यांचा ग्लास तीच भरून आणायची. एकदा माझ्या पाठीवरून हात फिरवत म्हणाली, “वय कुणाला चुकलंय गं? घसा उतरला तुझा. आता तू नुसतं ऐकत जा.”

मी ऐकलं तिचं. कारखान्यात गाणं सोडलं, मग घरीही सोडलं. नवऱ्यानं दोनदा विचारलं, तिसऱ्यांदा नाही. मला रडू यायचं ते मोरीत, नळ सोडून.

माझा थोरला भाऊ वाद्यं दुरुस्त करतो. एका रविवारी तो पेटी सुरात लावत बसला होता आणि त्याला माझ्याकडून एक ओळ हवी होती. मी नाही नाही म्हणत गायले. तो म्हणाला, हीच तुझी पट्टी, लहानपणापासूनची, तसूभर हललेली नाही. मी त्याला टेपचं सांगितलं. त्यानं पेटी बाजूला सारली.

“तुझा आवाज उतरलेला नाही,” दादा म्हणाला. “तिथे टेप जोरात फिरवतायत. टेप जोरात फिरली की आवाज वर चढतो.”

तळपायाची आग मस्तकात गेली. सोमवारी कामाची पाळी सुरू व्हायच्या आधी मी केबिनमध्ये शिरले. टेपरेकॉर्डरच्या मागे वेग कमीजास्त करायचं बटण होतं आणि त्याच्या कडेला पेन्सिलीच्या बारीक खुणा होत्या. दर पंधरा दिवसांची एक, शेजारी तारीख घालून, तिच्या नेटक्या हातानं केलेली. मोजपट्टी दारात उभी होती. तिनं नाकबूल केलं नाही.

“तुला सांगितलं असतं तर तू सगळ्यांना सांगितलं असतंस,” ती म्हणाली. “हातांचा वेग वाढवायला हवा होता. वाढला की नाही? कुणाला कळलं तरी का?”

“मी गुळण्या करत होते तेव्हा ग्लास तू आणून देत होतीस.”

केसानं गळा कापणं म्हणतात ते हेच, पण कापणारीनं वर पाठही चोळली होती. मालकानं केलं असतं तर मी चार शिव्या घालून मोकळी झाले असते. हिला घालायला शिवी सुचेना. मी बटण पहिल्या खुणेपाशी आणलं आणि टेप लावली. तिनं अडवलं नाही.

मी मशीनवर जाऊन बसले. माझा आवाज आला, खरा, माझा. मी त्याच्याबरोबर गायला लागले आणि वरच्या ओळीला घसा जराही ओढला गेला नाही. इतक्या महिन्यांनी मी पूर्ण गाणं गायले.

आणि हॉलभर माना वर झाल्या. टेप अडकली का, कुणीतरी विचारलं. झोप आणतेय ही, दुसरी म्हणाली. कफवाली तर माझ्याकडेच वळली. “कोण रडतंय गं हे? जरा नीट लावायला सांग ना.” तिचे हात गाण्यासाठी थांबत होते, पुढे जात होते, पुन्हा थांबत होते. तो तुझ्या कॉलरवालीचाच आवाज आहे, असं सांगायला मी तोंड उघडलं. तेवढ्यात माझं खाली लक्ष गेलं. पुढचं गाणं दुसऱ्या कडव्यावर होतं आणि माझी कॉलर केव्हाच शिवून झाली होती. पाय पायडलवर नुसता थरथरत होता, पुढच्या ओळीची वाट बघत, चिडून. मलाही टेपमधली ती बाई रेंगाळणारी वाटत होती.

केबिनच्या काचेपलीकडे मोजपट्टी बटणावर हात ठेवून माझ्याकडे बघत होती. मी मान डोलावली आणि तिनं बटण पुन्हा पुढे सरकवलं. तेवढं मात्र तिनं मला विचारून केलं.