अध्यक्षांचं लुगडं

राघूला नारायणगावात दोन नावं होती. फडात तो मावशी. गौळणींना घेऊन मथुरेच्या बाजाराला निघणारी, नाकात नथ आणि ओठांवर पुसट मिशी असलेली तोंडाळ मावशी. फडाबाहेर तो अध्यक्ष, तमाशा कलावंतांच्या संघटनेचा. घरी शिनोलीत मात्र त्याला एकही नाव नव्हतं. आई, गजराबाई, त्याला 'त्यो' म्हणायची. "त्यो आलाय, भाकरी वाढ गं."

वीस वर्षांपूर्वी पोरगा मेंढरं सोडून तमाशात पळाला, ते तिनं आजवर माफ केलेलं नव्हतं. शिनोलीच्या जत्रेत त्याचाच फड लागला तेव्हाही ही बाई कडी लावून घरात बसली. राघूनं गावोगाव माणसं हसवली, पण आईनं आपल्याला एकदा डोळे भरून बघावं, ही हौस काही फिटली नाही. आणि आता तर तिच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू पिकला होता.

त्यातच २००२च्या माघात राघूनं एकाच आठवड्यात दोन कामं काढली. वाईट सवय, दुसरं काय! एक, संप. बायांना कपडे बदलायला बंदिस्त तंबू मिळेपर्यंत आणि त्यांना ट्रकमध्ये सामानावर बसवणं थांबेपर्यंत खेळ बंद. दुसरं, शिनोलीत मोतीबिंदूचं शिबिर. संपाचा ठराव त्यानं तोंडी सांगितला आणि हिरानं लिहून घेतला. हिरा ढोलकीवाला, वर संघटनेचा चिटणीस; शब्दाला एवढा पक्का की नकोसा व्हावा. ठराव असा: संप मिटेपर्यंत कुणीही, कुठंही, कुणापुढंही वेश चढवणार नाही. चढवील त्यानं आठ दिवस सगळ्यांचा स्वयंपाक करायचा. 'कुणापुढंही' राघूनंच दोनदा घालायला लावलं होतं. एकदाच लिहून भागलं असतं, हे हिराचं म्हणणं.

शिबिराच्या सकाळी मंचरहून डॉक्टर आले, पेशंट न्यायला गाडी आली. अकरा म्हाताऱ्या देवळात भिंतीला टेकून बसल्या होत्या. डोळे तपासून झाले, आणि गाडीत बसा म्हटल्यावर एकही उठेना. गजराबाई मधोमध.

"आमचं डोळं म्हंजी काय कांदं हायती व्हय, चिरायला?" ती म्हणाली.

राघूनं अध्यक्षांच्या आवाजात 'माता-भगिनींनो' सुरू केलं. दुसऱ्या वाक्याला सरूबाई घोरायला लागली. डॉक्टरांनी त्याला बाजूला घेतलं. "तुमच्या आईचं आत्ता काढलं नाही, तर पुढं काढूनही दिसायचं नाही."

राघू सरळ आपल्या वेशाच्या पेटीकडं गेला. पेटी कायम बरोबर असायची, संपातसुद्धा. पेटीवर हिरा बसला होता.

"अध्यक्ष, ठराव."

"ठावं हाय."

"कुणापुढंही, असं तुमीच..."

"लिव. अध्यक्षांनी मोडला म्हणून लिव, अन् ऊठ!"

पाच मिनिटांत देवळाच्या दारात नथ चमकली. "अगं ए भवान्यांनो! बाजाराची येळ टळली, अन् तुमी अजून भिताडाला चिकटलेल्याच? मथुरेला कान्हा वाट बघतोय. लई देखणा हाय म्हणं, पर तुमाला काय, धुरकाट दिसायचा!"

बायकांनी तमाशा बघायचा नाही, ही गावाची रीत. पण कनातीपलीकडून येणारा मावशीचा आवाज या सगळ्यांनी जन्मभर ऐकलेला. सरूबाई खडबडून जागी झाली. लंकाबाई तर पोट धरून हसली. मावशी पुढं आणि गौळणी मागं, हे त्यांना कुणी शिकवावं लागलं नाही. एकमेकींचा पदर धरून सगळ्या निघाल्या. गजराबाई तेवढी ढिम्म.

मावशीनं तिच्या हातात स्वतःचा पदर दिला. "धर गं, म्हातारे."

गजराबाईची बोटं काठावरून सरकत गेली आणि एका जागी थांबली. मग ती उठली आणि सगळ्यांच्या आधी गाडीत जाऊन बसली.

ऑपरेशनं झाली. हिरानं दयामाया केली नाही. राघू नारायणगावात साठ माणसांच्या भाकरी थापू लागला. फडांचे मालक तंबूला कबूल झाले होते, ट्रकवर अडलं होतं. सहाव्या दिवशी काळा चष्मा लावलेली गजराबाई एसटीतून उतरली, विचारत विचारत राहुटीत आली आणि पिठानं माखलेल्या राघूकडं बघत राहिली.

"लुगडं दे माझं."

"कंचं लुगडं, आये?"

"तू पळालास त्या दिशी वाळत घातलेलं गेलं, ते. काठाला माझ्या हातची शिवण हाय. देवळात हाताला लागली. म्हणलं, कोण नेसून फिरतंय ते एकदा डोळ्यांनी बघावं. न्हाईतर मी कशाला डोळं कापून घेतीय?"

राघूनं मान खाली घालून पेटीतून लुगडं काढलं. आता घडी काखेत मारून ही चालती होणार, असं त्याला वाटलं.

"नेस," ती म्हणाली.

"संप हाय, आये."

"नेस म्हणते ना!"

तो नेसला. गजराबाईनं त्याच्याभोवती एक फेरी मारली आणि कपाळावर हात मारून घेतला. "वीस वर्सं लोकांपुढं असाच गेलास? कासोटा बघ, निऱ्या बघ! आमाला खाली बघाया लावलंस की रं."

ती खाली बसली. निऱ्या सोडल्या आणि एकेक करून पुन्हा घालू लागली. राघूच्या डोळ्यांतलं पाणी नाकावरून ओघळत होतं आणि पुसायला हात पिठाचे.

"हलू नगं, राघू," ती म्हणाली.

साठ माणसं भोवती गोळा झाली होती. तेवढ्यात हिरा खाकरला. त्यानं वही उघडली. "अध्यक्ष, वेश दुसऱ्यांदा. आणखी आठ दिस."

गजराबाईनं चष्म्यावरून त्याच्याकडं बघितलं.

"लिव," ती म्हणाली. "पीठ मी मळते."