बारावं डोकं

"हात लावून बघा," मेव्हिस ट्रॉट म्हणाली आणि टोपी काढून टेबलावर ठेवली. "घाबरू नका, चावत नाही मी. इथे, भांगाच्या डावीकडे. खोबण लागते की नाही बोटाला?"

चौकशी अधिकाऱ्याने बोट लावलं नाही. लंडनहून आलेला सभ्य माणूस तो. चष्मा कपाळावर सरकवून लांबूनच बघत म्हणाला, "खूण आहे, मान्य. पण मिसेस ट्रॉट, खुणेवरून दगड कुठे होता हे कसं कळायचं?"

"दगड जिथे होता तिथेच माझं डोकं होतं. त्याशिवाय फुटलं कसं?"

टाउन हॉलच्या मागच्या रांगांत खालच्या आळीतले आम्ही वीसेक जण बसलो होतो. आम्ही हसलो. पुढच्या रांगांत वरच्या आळीतले होते, ते हसले नाहीत. विदीबरोत हे असंच आहे. चढावर बाजारचौक, चर्च, वकील, दातांचा डॉक्टर. उतारावर, नदीच्या अंगाला आम्ही. वरचं सांडपाणी, बाजाराचं शेण आणि वरच्यांची मतं आठशे वर्षं घरंगळत आमच्याच दारात येऊन थांबली आहेत.

भांडण कुरणाचं होतं. नदीकाठचं ते लांबट कुरण गावाचं सामायिक, असं आम्ही पिढ्यान्‌पिढ्या धरून चाललो होतो. पोरं तिथे चेंडू लाथाडतात, क्लेम बॅगलेचं म्हातारं तट्टू तिथे चरतं, आणि हिवाळ्यात नदी फुगली की पाणी आधी तिथे पसरतं, आमच्या स्वयंपाकघरांचा विचार मागाहून करतं. बिल्डर म्हणत होता, गावाची शीव पुलाजवळच्या सातव्या दगडापाशी वळते. म्हणजे कुरण शिवेबाहेरचं, म्हणजे खाजगी, आणि आता त्याचं. त्याला तिथे ऐंशी घरं बांधायची होती. शिवेचे सहा दगड अजून जागेवर आहेत. सातवा कुणीतरी केव्हाच उपटून नेला. तो पुलापाशी होता, की कुरणाच्या पार टोकाला ओढ्यापाशी, एवढाच प्रश्न. पुलापाशी असेल तर कुरण गेलं. ओढ्यापाशी असेल तर वाचलं.

तो दगड जागेवर पाहिलेली दोनच माणसं आता जिवंत होती. एक ऑब्री पेनिफोल्ड, शाळेचे निवृत्त हेडमास्तर आणि गावाच्या इतिहास-भूगोलाच्या पुस्तकाचे लेखक. दुसरी मेव्हिस. मास्तरांच्या पुस्तकात लिहिलं होतं, पूल. मेव्हिस म्हणत होती, ओढा.

मेव्हिस कोण? एकतीस वर्षं ती गुरांच्या बाजारातल्या चहाच्या टपरीत उभी होती. शेतकऱ्यांना चहा, बेकन घातलेला पाव आणि शिव्या, तिन्ही गरम द्यायची. मग गुरांचा बाजार बंद झाला, तिथे गाड्या लावायला डांबर टाकलं, टपरी मोडीत गेली. तेव्हापासून ती टाउन हॉल झाडते. त्या दिवशीच्या खुर्च्यासुद्धा सकाळी तिनेच मांडल्या होत्या. स्वतःच्या साक्षीची खुर्चीही.

"त्या दिवशी काय झालं ते तुमच्या शब्दांत सांगा," अधिकारी म्हणाला.

"माझ्याकडे दुसऱ्या कुणाचे शब्द नाहीतच," मेव्हिस म्हणाली.

शीव बडवणं आमच्याकडे जुनं. मे महिन्यात एका सोमवारी पाद्री पुढे, चर्चमध्ये गाणारे मुलगे मागे, प्रत्येकाच्या हातात नदीकाठच्या वाळुंजाची, साल सोललेली पांढरी काठी. सगळ्या शिवेवरून चालायचं, प्रत्येक दगडाला काठ्यांनी झोडपायचं. आणि प्रत्येक दगडापाशी एका मुलाला उलटं धरून त्याचं डोकं दगडावर आपटायचं. नकाशे नव्हते तेव्हाची ही अक्कल. ज्याला दुखलं तो म्हातारा होईपर्यंत जागा विसरत नाही, आणि उद्या शेजारच्या गावाने शीव सरकवली तर साक्षीला उभा राहतो. पुढे पुढे आपटणं नावालाच राहिलं, नुसतं टेकवायचे.

एकोणीसशे त्रेपन्नचा मे. पुढच्या महिन्यात राणीचा राज्याभिषेक, त्यासाठी मुलांना नव्या पांढऱ्या कॉलरी शिवलेल्या, आयांनी हौसेने त्याच घालून पाठवलेलं. सहा दगड झाले. सातवा ओढ्याकाठच्या चिखलात. एकही मुलगा डोकं द्यायला तयार होईना. पाद्रीबुवा वैतागले. मेव्हिसचा बाप लोकांची कुंपणं छाटायचा. वाटेतली काटेरी झुडपं तोडायला त्याला कोयत्यासह बरोबर घेतला होता, आणि नऊ वर्षांची मेव्हिस त्याच्यामागे आली होती.

"पाद्री बाबांना म्हणाला, तुझी पोरगी आहे ना, तिच्या अंगावर काय खराब व्हायचंय? बाबा काही बोलले नाहीत. बोलले असते तर चर्चचं काम गेलं असतं. दोन मोठ्या मुलांनी माझे पाय धरले. उलटी केली. चर्चच्या टोकावरचा, वाऱ्यावर फिरणारा पत्र्याचा कोंबडा मला दिसला, आभाळात खाली डोकं करून. दोन आल्डरच्या झाडांच्या मधोमध. मी हसले. आणि एकाचा हात सुटला."

हॉलमध्ये कुणीतरी खोकलं. मास्तर पहिल्या रांगेत मांडीवर स्वतःचंच पुस्तक घेऊन बसले होते.

बिल्डरची वकीलबाई उठली. तरुण, गोड आवाजाची. असल्या आवाजापासून सांभाळून राहावं लागतं.

"मिसेस ट्रॉट, तुम्हाला कोंबडा दिसला. मी आज सकाळीच पुलावर उभी राहिले. तिथूनही तो छान दिसतो."

"आत्ता दिसतो. तेव्हा मध्ये माल्टहाऊस होतं. बिअरसाठी जव भिजवायचे, वाळवायचे ते. पाच मजली. माझी आई तिथे फावड्याने जव उलटायची. पुलावरून तेव्हा कोंबडा काय, देवसुद्धा दिसला नसता. मास्तरांच्या पुस्तकात फोटो आहे त्याचा. पान चाळीस."

अधिकाऱ्याने पुस्तक मागवलं. पान चाळीस उघडलं. फोटोत माल्टहाऊस पुलासमोर आडवं उभं होतं, भिंतीसारखं. अधिकाऱ्याच्या भुवया वर गेल्या, आणि खरं सांगतो, त्या क्षणी आम्हाला वाटलं, जिंकलो. क्लेमने माझ्या बरगडीत कोपर मारलं.

वकीलबाई अजून उभीच होती. "त्या दिवशीची नोंदवही आहे माझ्याकडे. पाद्रीसाहेबांच्या हातची. सातवा दगड झाल्यावर पुलापाशी समारोप. 'अकरा मुलगे. अकरा बन, बेकरीकडून भेट.' मुलीचा उल्लेख नाही."

"तेच तर सांगतेय. मला बन मिळाला नाही."

आम्ही पुन्हा हसलो. पुढच्या रांगांतलेही हसले, आणि ते हसणं वेगळं होतं. मेव्हिसला ते कळलं. तिने टोपी उचलली आणि मांडीवर घेतली.

मग अधिकाऱ्याने मास्तरांना उभं केलं. अकरा मुलग्यांमध्ये त्यांचं नाव होतं, वय चौदा.

"मिस्टर पेनिफोल्ड, पुलासमोर माल्टहाऊस होतं?"

"होतं. मिसेस ट्रॉट यांचं ते म्हणणं अगदी बरोबर आहे."

"आणि त्या दिवशी एखादी मुलगी तिथे होती?"

मास्तरांनी रुमाल काढला, ओठ पुसले. वर्षानुवर्षं या माणसाने आमच्या पोरांना खोटं बोलल्याबद्दल छड्या मारल्या.

"नोंदीत नाही."

"तुम्हाला आठवतं का, असं विचारतोय मी," अधिकारी म्हणाला.

"मुलगी असल्याचं... नाही. मला आठवत नाही."

"आणि दगड?"

"नोंदीत आहे तिथेच असणार. पुलापाशी."

मेव्हिस त्यांच्याकडे बघत होती. मास्तर पान चाळीसकडे बघत होते.

सगळे गेल्यावर मेव्हिस हॉलच्या मोरीत कप विसळत होती. क्लेम आणि मी खुर्च्या दुमडत होतो. मास्तर दारात येऊन उभे राहिले. हातात टोपी.

"मेव्हिस, हे बघ. पुस्तकाच्या तीन आवृत्त्या निघाल्यात. माणसाला लेखी पुराव्याला धरून राहावं लागतं. इतिहास असाच..."

"तुझं घर चढावर आहे ना, ऑब्री?"

"त्याचा काय संबंध?"

"पाणी तिथवर येत नाही. कप विसळायचे नसतील तर दारातून बाजूला हो, मला पुसायचंय."

"चौदा वर्षांचा होतो मी."

"आणि मी नऊची. डावा पाय तुझ्याकडे होता."

मास्तर निघून गेले. क्लेम आयुष्यभर कत्तलखान्यात राबलेला, त्याची भाषा तिथलीच. मास्तरांच्या पाठीला तो जे म्हणाला ते इथे छापणार नाहीत.

निकाल जानेवारीत आला, जाड पाकिटात. मेव्हिसने स्वयंपाकघरात उभ्याने वाचला आणि कागद क्लेमकडे सरकवला. "साक्षीदार त्या प्रसंगी उपस्थित असल्याचा लेखी पुरावा नाही. नोंद असलेल्या श्री. पेनिफोल्ड यांनाही तसं स्मरत नाही. सबब साक्ष ग्राह्य धरता येत नाही."

"मी नव्हतेच म्हणे तिथे," मेव्हिस म्हणाली.

"मग डोकं कुठे फोडून घेतलंस भवाने?"

"तेच शोधायचंय आता." ती हसली नाही. डोक्यावरची खोबण तिने दोनदा चाचपून पाहिली. चष्मा डोक्यावर आहे की हरवला हे माणूस पाहतं, तसं.

फेब्रुवारीत कुरणाला पत्र्याचं कुंपण लागलं. क्लेमचं तट्टू दुसऱ्या गावी गेलं. आल्डरची दोन्ही झाडं कापली. मार्चमध्ये मातीचे ढीग पडले आणि नदीचं पाणी, जागा न मिळाल्याने, खालच्या आळीत सहा घरांत शिरलं. मेव्हिसच्या घरात घोट्यापर्यंत. नगरपालिकेने पत्रक काढलं, असा पाऊस शंभर वर्षांत झाला नव्हता. आम्ही मोजले तर असे पाऊस माझ्याच आयुष्यात पाच झालेत. फक्त तेव्हा पाणी कुरणात बसायचं.

आणि मे महिन्यात, इतक्या वर्षांनी, वरच्यांना शीव बडवायची हुक्की आली. बिल्डरने पुलापाशी नवाकोरा दगड बसवून दिला, त्यावर पितळी पाटी: सातवा दगड. नगराध्यक्षबाई गळ्यात पदाची साखळी घालून आल्या. मुलांच्या हातात सोललेल्या पांढऱ्या काठ्या. आता मुलीही होत्या. दगडावर मखमली उशी ठेवली होती. एकेकाला हळूच उलटं करून उशीला डोकं टेकवायचे, आईबाप फोटो काढायचे. मास्तर माईक धरून गावाचा इतिहास सांगत होते.

मेव्हिस त्यांच्या बाजूने गेली आणि थांबली नाही. हातात वाळुंजाची काठी होती, सकाळीच नदीवरून कापलेली, हिरव्या सालीसकट. ती कुंपणाच्या कडेने ओढ्याकडे चालत राहिली. मागे क्लेम आणि मी. ओढ्यापाशी पत्र्याचा एक तुकडा सैल होता. क्लेमने तो वर उचलून धरला.

"लवकर आटप. माझी पाठ आता बैलाची राहिली नाही."

आत आल्डरचे दोन बुंधे तेवढे उरले होते. मेव्हिस त्यांच्या मागे गेली, चर्चकडे पाठ केली, पाय फाकवले आणि वाकली. पासष्ट वर्षांची बाई. स्कर्ट गुडघ्यांत धरून, दोन पायांमधून ती उलटी बघत होती.

"काय करतेयस?" क्लेम ओरडला.

"गप्प. कोंबडा बुंध्यांच्या मध्ये आला पाहिजे." ती तशीच वाकून एक पाऊल सरकली. "थोडं डावीकडे." अजून अर्धं पाऊल. मग बराच वेळ हलली नाही. चेहरा लालबुंद झाला होता. "हं. इथे."

ती सरळ झाली तेव्हा मास्तर कुंपणापाशी उभे होते. माईक दुसऱ्या कुणाच्या हातात देऊन, बुटांना चिखल लावून, एकटेच आले होते. क्लेमने पत्रा खाली सोडला नाही, पण त्यांच्यासाठी आणखी वरही केला नाही.

"इथेच होता," मास्तर म्हणाले. अगदी हळू. "मला आठवतं, मेव्हिस. तू हसलीस, म्हणून मलाही हसू आलं. आणि हात..."

"ऐकू येत नाही."

"मला आठवतं."

"मोठ्याने बोल. माईक तिकडे आहे."

मास्तरांनी पुलाकडे पाहिलं. तिथे टाळ्या वाजत होत्या. त्यांनी टोपी डोक्यावर ठेवली आणि ते आल्या वाटेने परतले. थोड्या वेळाने कुरणावरून त्यांचा आवाज आला, स्वच्छ, वर्गात शिकवल्यासारखा: "...आपले पूर्वज ज्या ठिकाणी उभे होते, अगदी त्याच ठिकाणी आज आपण..."

मेव्हिसने काठी उचलली आणि जमीन बडवायला लागली. तो आवाज चालू होता तोवर ती थांबली नाही. मग जिथे मारत होती तिथेच काठी चिखलात वीतभर खुपसली, पायाने माती दाबली आणि म्हणाली, "चल क्लेम, पत्रा सोड आता."

मंगळवारी बिल्डरच्या माणसाने काठी उपटून फेकली. बुधवारी मेव्हिसने दुसरी रोवली. तीही गेली. आता कुंपणावर पाटी लागली आहे, आत येणाऱ्यावर कारवाई होईल म्हणून. परवा तिने आठवी रोवली. नदीकाठी वाळुंज हवा तेवढा आहे, आणि मेव्हिस काठी सोलत नाही. सालीसकट लावली तर ओल्या मातीत मूळ धरते, हे तिला बापाने शिकवलं होतं.