टोकावर उभा चौकोन

चूक माझी होती. कडेगावात हे फक्त दोघांना ठाऊक आहे, आणि त्यातला दुसरा काठी टेकत चालतो.

जोतीराम लष्करात नकाशे काढणाऱ्या तुकडीत होता. उजव्या हाताची दोन बोटं वाळवंटातल्या लढाईत ठेवून तो बेचाळीस साली घरी आला आणि आल्या आल्या भूमिगतांना मिळाला. पोलिसांत त्याचा आतेभाऊ होता, त्याच्याकडून धाडीची वेळ आधी कळायची. ती रानात लपलेल्यांना कळवायची कशी? चिठ्ठी सापडली की सगळेच गेले. म्हणून त्याने एक खूण काढली, टोकावर उभा चौकोन.

"जागंचा नकाशा कुनीबी काढंल, मास्तर," तो मला म्हणाला. "ह्यो येळंचा हाय."

उजवं टोक सूर्योदय, वरचं भरदुपार, डावं सूर्यास्त, खालचं मध्यरात्र. ज्या बाजूवर टिंब, त्या वेळेला धाड. आत जितक्या रेघा तितका वार, रविवारपासून. शाळेजवळच्या विहिरीच्या दगडावर तो चुन्याने हे काढायचा, मी वाचायचो आणि निरोप पुढे द्यायचो. पाहणाऱ्याला पोरांचा खेळ वाटावा इतकं साधं. मी भूगोल शिकवतो, शिवाय माझे वडील वाईला पंचांग सांगायचे. काळवेळेतलं आपल्याला कळतं असा माझा तोरा होता. फेरा कोणत्या टोकापासून सुरू होतो, एवढंच मी विचारलं नाही. त्यात विचारायचं काय, असं वाटलं.

त्रेचाळीसच्या मार्गशीर्षात हंबीरराव ओढ्याकडेच्या उसात लपले होते. आमच्या भागातली भूमिगत माणसं त्यांच्या शब्दावर चालत. अंगात हिवताप, आणि बायको मनुबाई गवताच्या भाऱ्यात लपवून त्यांना भाकरी न्यायची. मंगळवारी सकाळी दगडावर चौकोन दिसला. आत चार रेघा, म्हणजे बुधवार. टिंब खालच्या आणि उजव्या टोकाच्या मधे, म्हणजे मध्यरात्र उलटल्यावर, उजाडायच्या आत. बुधवार उद्या उजाडणार, त्याची रात्र उद्याची. मी क्षणभरही अडखळलो नाही.

मनुबाई भारा घेऊन विहिरीपाशी थांबली होती.

"आज न्हाई नव्हं, मास्तर? अंगात लय ताप हाय त्येंच्या. उचलून न्यायला मानसं लागतील."

"आज नाही. उद्या रात्रीची आहे. आज निवांत झोपू दे त्यांना."

"नक्की व्हय?"

"अहो, नक्की म्हणजे नक्की."

तिने पदराने तोंड पुसलं. "देवावानी भेटलासा," म्हणाली आणि गेली.

धाड त्याच रात्री पडली. तापलेला माणूस उसातून किती पळणार? बुधवारी शाळा भरायच्या आधी त्यांना बैलगाडीत घालून नेलं. मनुबाई गाडीमागे अनवाणी चालत होती. मी वर्गाला प्रार्थना म्हणायला लावली आणि स्वतः फळ्याकडे तोंड करून उभा राहिलो.

तिसऱ्या दिवशी दुपारी गुऱ्हाळावर जोतीरामला फितूर म्हणून उभं केलं. भूमिगतांतले वडीलधारे तात्याबा न्यायाला बसले होते. फितुराला शिक्षा एकच असायची, तळव्यांवर काठ्या.

"कुठला वार काढला व्हतास?"

"बुधवार. मध्यरातीच्या फुडचा."

"आन् धाड मंगळवारच्या राती आली!"

"बुधवारच की! मी बरोबर काढलं व्हतं!" तो पुन्हा पुन्हा तेच ओरडत होता, आणि लोक आणखी चिडत होते.

तात्याबा माझ्याकडे वळले. "मास्तर, दगडावर काय व्हतं?"

तेव्हा कुठे माझ्या डोक्यात उजेड पडला. लष्करात दिवस घड्याळाने चालतो, वार रात्री बाराला बदलतो. मी हे दरवर्षी पोरांना शिकवतो! त्याचा फेरा खालच्या टोकापासून सुरू व्हायचा, माझा पंचांगासारखा सूर्योदयाला, उजव्या टोकापासून. त्याच्या बुधवारचं तोंड ते माझ्या मंगळवारचं शेपूट. एक वाक्य पुरलं असतं. पण त्या काठ्या मग माझ्या तळव्यांवर पडल्या असत्या. मी भ्यालो.

"बुधवार होता," मी म्हणालो. खोटं काहीच बोललो नाही.

काठ्या किती पडल्या ते मी मोजलं नाही. मनुबाईने मोजलं.

चैत्रात जोतीराम काठी टेकत शाळेत आला. पोरं घरी गेली होती. त्याने खडू मागून घेतला, उंबऱ्याशी बसून चौकोन काढला.

"मास्तर, तुमचा फेरा कुठनं सुरू व्हतो?"

मी उजव्या टोकावर बोट ठेवलं. त्याने खालच्या टोकावर ठेवलं.

"मी सगळ्यांना सांगतो," मी म्हणालो. त्या क्षणी खरंच सांगणार होतो.

"नगं. तुमाला इचारूनच मनुबाईनं त्येस्नी तितं झोपू दिलं. ह्ये कळलं तर ती सोताला जाळून घील. माझा राग करीत जगंल तरी." त्याने तळहाताने चौकोन पुसला. "आन् तुमाला बी सांगायचं असतं, तर तवाच सांगितलं असतंसा."

दर संक्रांतीला मनुबाई गुळाची ढेप घेऊन येते. वाटेत जोतीरामचं घर लागतं, तिथं ती थुंकते, हे मला ठाऊक आहे.

"तुमी तरी खरं सांगितलंसा, मास्तर," ती म्हणते.

मी ढेप ठेवून घेतो.