ड्यूल्सीचं बोलणं

माझी थोरली बहीण ड्यूल्सी पेनफोल्ड सिनेमात गेली, ती पोहता येत होतं म्हणून. ब्रायटनच्या पलीकडे आमच्या किनाऱ्यावर ट्रिबसाहेबांनी काचेच्या छपराचा स्टुडिओ उभारला होता. त्यांच्या नायिकेला ऐन मार्चातल्या थंडीत समुद्रात उडी मारायची होती आणि बाई काही केल्या तयार होईना. मासे द्यायला गेलेली ड्यूल्सी म्हणाली, "मी मारते की!" मारलीसुद्धा. पुढे हळूहळू नायिकेची कामंही तिच्याकडे आली.

आमची आई बहिरी. लहानपणीच्या तापात तिचे कान गेले होते. ती ओठ वाचायची, त्यामुळे आमच्या घरात तोंडातल्या तोंडात पुटपुटलेलं खपायचं नाही. ड्यूल्सीला तीच सवय. सिनेमा मुका असला तरी ती प्रत्येक वाक्य प्रसंगाला धरून, खरंखुरं बोलायची. बाकीची मंडळी कॅमेऱ्यासमोर वाटेल ते बडबडत. ऐकणार कोण?

नायक ऑब्री फेन त्यातला वस्ताद. लंडनचा, देखणा, पोस्टरवर सगळ्यात मोठं नाव त्याचं. एका चित्रपटात ड्यूल्सी क्षयानं मरते आणि तो उशाशी गुडघे टेकून रडतो. रडतारडता हा म्हणत होता, "मर ना लवकर, बाई! पब बंद होईल. आणि आज परत हेरिंग मासे खाल्लेस ना? वास येतोय." ड्यूल्सी डोळे मिटून पडून राहिली.

तो चित्रपट ब्रायटनला लागला तेव्हा आई आपल्या बहिऱ्या मैत्रिणींना घेऊन गेली. मीही होते. अख्खं थिएटर डोळ्यांना रुमाल लावून बसलेलं, आणि आमची रांग खो खो हसत सुटली. एकटी आई तेवढी हसली नाही. मॅनेजर धावत आला. "लाज नाही वाटत? पोरगी मरतेय तिथं!"

फेनच्या ओठांवरून तो काय बोलतोय ते मीच मॅनेजरला सांगितलं. गोष्ट ट्रिबसाहेबांच्या कानावर गेली. त्यांनी ड्यूल्सी आणि फेन दोघांना बोलावलं.

"खरं आहे का हे, ड्यूल्सी?"

"खरंय."

"मग तेव्हाच का नाही बोललीस?"

"मी मेले होते ना, साहेब."

ट्रिबसाहेबांना हसू आवरेना. फेन मात्र भडकला. "मासेवालीच्या बहिऱ्या आईपुढं आता मी परीक्षा द्यायची? एक तर ही राहील, नाहीतर मी."

तिकिटं फेनच्या नावावर खपत. ड्यूल्सीच्या वाट्याला मोलकरणी आल्या. दार उघडायचं, चहाचा ट्रे ठेवायचा, निघून जायचं.

आई हळहळली. "आम्ही हसलो आणि तुझं काम गेलं."

"तू कुठं हसलीस?" ड्यूल्सी तिच्यासमोर बसून म्हणाली. "सगळ्यांनी माझा चेहरा पाहिला, आई. मी काय बोलले ते तुम्हालाच कळलं."

मग युद्ध आलं. तोफांच्या आवाजानं कान गेलेली पोरं घरी परतू लागली. गावच्या पाद्र्याच्या बायकोनं ड्यूल्सीला विचारलं आणि चर्चच्या हॉलमध्ये तिनं ओठ वाचायचा वर्ग सुरू केला. त्यात पेलिंग नावाचा एक सार्जंट होता. तो रोज भिंतीकडं तोंड करून बसायचा. एकदा त्यानं मान वळवली तेव्हा ड्यूल्सी त्याच्या मिशांची नक्कल करत आवाज न काढता काहीतरी म्हणत होती. तो खदखदून हसला. मग ऐकू न येताही तिचं बोलणं आपल्याला कळलं, हे त्याच्या लक्षात आलं. बसल्याजागी त्याला रडू फुटलं.

युद्ध संपल्यावर ट्रिबसाहेब आमच्या दारात आले. फेन अमेरिकेला गेला होता. "नायिकेचं काम आहे, ड्यूल्सी. दोन महिने वेल्समध्ये चित्रीकरण."

"दोन महिने वर्ग कोण घेणार?"

"अगं, वर्ग काय, नंतरही घेता येईल!"

"त्या पोरांनी आधीच खूप वाट पाहिलीय, साहेब," ती म्हणाली, आणि त्यांना चहा दिला.

ते गेल्यावर मी तिच्यावर चिडले, भांडले. ती भांडी घासत राहिली.

तिला वाईट वाटलं नाही असं मी म्हणणार नाही. नवा चित्रपट लागला की बाजारातून येताना ती पोस्टरसमोर थांबायची. मी टोपली दुसऱ्या हातात घ्यायचे आणि तिचं बघून होईपर्यंत उभी राहायचे.