गणिताच्या रिकाम्या जागेची खुर्ची

मित्रांनो, मी एक जुनी सागवानी खुर्ची आहे आणि माझ्या पायात सायकलची साखळी आहे. मध्य प्रदेशातल्या सौंसरजवळच्या एका गावातल्या सरकारी शाळेत, दहावीच्या वर्गात, खिडकीच्या गजाला मला कुलूप लावून बांधलं आहे. मी कुणाचं काही चोरलेलं नाही.

सौंसरच्या एका सुतारानं मला घडवलं. त्यानं माझे हात असे घासले की त्याची बायको म्हणाली, यावरून माशीसुद्धा घसरेल. शाळेत आले ती गणिताच्या सरांच्या वाट्याला. सर अंगानं भारी, रागावले की माझ्यासकट मागे सरकायचे. तरी तेच माझे सुखाचे दिवस. खुर्चीला वजनाचं ओझं होत नाही, मित्रांनो. वजन नसलं की तिचा जीव घाबरा होतो.

सर निवृत्त झाले आणि जागा रिकामी पडली. रिकामी खुर्ची गावाला आपलीच वाटते. मी लग्नांना जाऊन आले, संत्र्याच्या बागेत व्यापाऱ्याला बसवून आले. एकदा पोळ्याला कुणाच्या पाहुण्यांसाठी गेले ती दिवाळी उलटल्यावर परतले. तेव्हा मुख्याध्यापक पुंडलिकरावांनी वैतागून मला साखळी घातली.

साखळीमागं त्यांचा आणखीही एक विचार होता. गणित शिकवायला लोधीखेड्याहून अमिता मॅडम येत असत. त्या अतिथी शिक्षिका. म्हणजे पक्का शिक्षक येईपर्यंत शिकवायचं, आणि तो आला की त्याच दिवशी घरी जायचं. पुंडलिकरावांची ठाम समजूत होती, की तपासणीच्या साहेबांना खुर्चीत कुणी बसलेलं दिसलं तर ते जागा भरलेली समजतील आणि मग शाळेला कधीच माणूस मिळणार नाही. त्यांनी मॅडमना बजावलं, "खुर्चीत बसू नोका. ते रिकामीच दिसली पाह्यजे. सीधी भरती निंघाली का जागा तुमचीच हाय."

अशी जागा भरायच्या दोन वाटा असतात. एक थेट भरती, म्हणजे परीक्षा घेऊन नवा माणूस नेमायचा. दुसरी बदली, म्हणजे दुसरीकडचा पक्का शिक्षक इथं आणायचा. मॅडमची सगळी आशा पहिल्या वाटेवर. घरी सासूबाई अंथरुणाला खिळलेल्या, मुलगी लहान. लांब जाणं त्यांना जमणारच नव्हतं. त्यांना हवी होती ती हीच जागा.

म्हणून मॅडम उभ्या राहिल्या. वर्षामागून वर्षं गेली. पाय भरून आले की माझ्या पाठीवर हात टेकायच्या, पण बसल्या नाहीत. मला फार वाटायचं, बाई, टेक गं जरा. पण लाकडाला तोंड कुठलं? कुलूप माझ्या पायात होतं, अडकलो मात्र आम्ही दोघीही होतो.

शेवटी साहेब आले. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, जागा रिकामी असल्याचं मान्य केलं आणि चहा घेऊन गेले. पुंडलिकरावांनी त्या आनंदात सगळ्यांना पेढे वाटले. मग सरकारनं आधी बदल्या केल्या, आणि आमच्या जागेवर बदलीनं भूपेंद्र सर आले.

त्यांच्यावर तरी रागवावं कसं? सर इथल्याच, जवळच्या बोरगावचे. दूर, मध्य प्रदेशच्याच दुसऱ्या टोकाला, डिंडोरीकडच्या एका जंगलातल्या शाळेत त्यांची ऐन उमेदीची वर्षं गेली, इकडे म्हातारे वडील एकटे. मॅडमनी त्यांना धडा कुठवर झाला ते दाखवलं, डबा उचलला आणि दुपारच्या बसनं त्या गेल्या. पुंडलिकराव खोलीबाहेर आलेच नाहीत.

सर माझ्यात बसायला वाकले, तेव्हा ऋतुजा नावाची मुलगी म्हणाली, "मॅडम याच्यात कधीच नाही बसल्या सर. पक्क्या सरांसाठी ठेवली होती." सर तसेच उभे राहिले. तेव्हापासून तेही उभ्यानंच शिकवतात. जागा भरली, मी रिकामीच राहिले. साखळी काढायचं कुणाच्या मनातही आलं नाही.

परवा मॅडम आल्या. भरतीत त्यांचं नाव लागलं होतं. पण बदल्या होऊन उरलेल्या जागाच भरतीच्या वाट्याला आल्या होत्या, आणि त्यांना मिळालं होतं सरांनी सोडलेलं तेच जंगलातलं गाव. नोकरी सोडवत नव्हती, घर सोडवत नव्हतं. नाव ऐकून सरांनी हातातला खडू खाली ठेवला.

"तिथली खुर्ची लंगडी हाय मॅडम," ते म्हणाले. "मागच्या पायाखाली खापराचा तुकडा ठेवजा."

"मले तं उभं राहाची सवय झाली सर."

"नाही, तिथं बसजा. लय वर्षं काढा लागतात तिथं. मी काढून आलो."

बदली कधी मिळते, असं मॅडमनी विचारलं. सर फळा पुसायला लागले. मॅडमनी पदरानं माझ्या पाठीवरची धूळ पुसली आणि त्या निघाल्या. बसा म्हणायला मला अजूनही तोंड नव्हतं. त्या दिवशी मी फार रडले, फक्त कुणाला दिसलं नाही.

मित्रांनो, मला पॉलिश नको, नवी गादीही नको. तुमच्यातलं कुणी उद्या साहेब होईल, माझ्यासारखीच्या वर्गात तपासणीला येईल. तेव्हा रिकाम्या खुर्चीकडे नंतर पाहा. तिच्या शेजारी कोण उभं आहे, ते आधी पाहा.