झूराचे टाके

झूरा गेली तेव्हा तिचा शेवटचा शिर्दाक, नक्षीचा जाड गालिचा, अर्धाच शिवून झाला होता. लाल आणि काळा असे लोकर दाबून केलेले दोन नमदे एकावर एक ठेवून तिने मेंढ्याच्या शिंगांची नक्षी एकदमच कापली होती. लालातली शिंगं काळ्यात बसवायची, काळ्यातली लालात. एका कापणीत दोन शिर्दाक होतात. झूराच्या माहेरची रीत अशी, की एक घरात ठेवायचा आणि दुसरा लेकीला द्यायचा. आईच्या हातून राहिलेलं लेकीने आपल्या हाताने पुरं करायचं. घरातला झाला होता. राहिला होता तो लेकीचा.

तिच्या नवऱ्याला, असानालीला, त्यातले टाके वाचता यायचे. कडेपासून हातभर घट्ट, एका मापाचे, ते आजाराआधीचे. मग सैल पडत गेलेले. शेवटच्या शिंगापाशी दोन वाकडे. ते दोन घातले त्या दुपारी झूराने सुई बाजूला ठेवली आणि म्हणाली, "जरा उशी सरळ करता का?" पुढे तिने सुई धरली नाही.

बुरुलचा ही त्यांची एकुलती लेक. तिचा नवरा तालाय सात वर्षं रशियात बांधकामावर होता. पोरांना बाप फोनच्या काचेतच दिसायचा. गेल्या साली बुरुलचाने नमदा कापायचं मशीन आणलं, मागोमाग शिवायचंही. दहा बायकांचं आठवड्याचं काम ते दुपारपर्यंत उरकायचं. तालाय परत आला आणि मशीनवर बसला. घराला नवं छप्पर आलं, नळाला गरम पाणी आलं. असानालीला त्याचा आनंदच होता. जावई रोज पोरांसोबत जेवतो, लेकीला याहून काय हवं?

म्हणून वसंतात बुरुलचा म्हणाली, "बाबा, आईचा शिर्दाक द्या, मी पुरा करते," तेव्हा त्याने तो चादरीत गुंडाळून दिला. एकदाच विचारलं, "हातानेच ना?"

"मग काय पायाने?" ती हसली. तोही हसला.

तीन आठवड्यांनी त्याला दुकानात साइराखान भेटली. झूराच्या बरोबरीने तीस वर्षं शिर्दाक शिवत आलेली बाई.

"काय हो असानाली, लेकीने झूराला मशीनमध्ये घातली म्हणे?"

"काहीतरीच काय बोलतेस?"

"जाऊन बघा. आम्हाला तिने घरी बसवलं, आणि मेलेल्या आईला कामाला लावलं!"

तो तडक लेकीच्या कारखान्यात गेला. बुरुलचा आणि तालाय तिथेच होते. टेबलावर झूराचा शिर्दाक सुटा पडला होता. शिंगं वेगळी, पट्ट्या वेगळ्या, सगळं इस्त्री केल्यासारखं सपाट. टाके उसवलेले.

"हे काय केलंस?"

"मशीन फोटोवरून नक्षी कापतं, बाबा, आणि फोटोला सपाट लागतं. नाहीतर मशीनला कड कळत नाही. टाके काय, परत घालता येतात."

"कोण घालणार? ती?"

तालाय म्हणाला, "बाबा, आईंच्या या एका नक्षीवर वर्ष निघेल. नाहीतर मी परत चाललो मॉस्कोला. चालेल तुम्हाला?"

जावई खरंच बोलत होता. त्याचाच त्याला जास्त संताप आला.

"दोरा कुठाय तिचा?"

"झाडून टाकला असेल," तालाय म्हणाला.

तेवढ्यात परदेशी पाहुणी आली, माल बघायला. भिंतीवर त्याच नक्षीचे वीसेक शिर्दाक टांगले होते. प्रत्येकाला एक चिठ्ठी, चिठ्ठीवर झूराचा फोटो, आणि खाली लिहिलेलं: हाताने शिवलेला. पाहुणीने फोटोकडे बोट दाखवून काही विचारलं.

"बाबा," बुरुलचा हळूच म्हणाली, "आई कशी शिवायची ते विचारतात. सांगा ना काहीतरी."

"सांग तिला, यात झूराचा एक टाका नाही. होते ते माझ्या लेकीने उसवले."

बुरुलचाने क्षणभर त्याच्याकडे पाहिलं. मग पाहुणीकडे वळून ती इंग्रजीत बोलू लागली, आणि बराच वेळ बोलली. असानालीला त्यातलं झूराचं नाव तेवढं कळलं, दोनदा. पाहुणीचे डोळे भरून आले. तिने छातीवर हात ठेवून त्याच्यापुढे मान लववली आणि तालायला भिंतीवरचे दोन शिर्दाक उतरवायला सांगितले.

असानाली तेच पुन्हा बोलला, मोठ्याने. या वेळी बुरुलचाने मानही वळवली नाही. पाहुणीच्या कोपराला धरून ती तिला पलीकडच्या भिंतीकडे घेऊन गेली.